बोटवेल

३ नोव्हेंबर १९९७, सोमवार

आलो एकदाच्या. एक ट्रंक, शिलाई मशीन, दोन पिशव्या आणि आर्या. एवढा संसार उतरवताना रिक्षावाल्यानं विचारलं, ताई, वाडी विकत घेतली का? म्हटलं, हो, आता तुझी रिक्षा घेणार आहे. आर्या इतकी हसली की हातातला चिवड्याचा डबाच सांडला. नव्या घराच्या अंगणात पहिला सडा आम्ही चिवड्याचा घातला.

परवा भाऊबीज झाली. संग्रामदादाला ओवाळलं, ताटातली साडी घेतली आणि सांगितलं, दादा, मी चालले. वहिनीचा चेहरा असा उजळला की कंदिलाची गरज नव्हती. तिचंही काय चुकलं म्हणा. आचोळ्यातला वन रूम किचन, त्यात हे गेल्यापासून आम्ही दोघी पाय पसरून. वहिनी बोलायची काही नाही, पण आर्यानं पाणी सांडलं तर फरशीकडे न बघता माझ्याकडे बघायची. कामणच्या गोदामात टायपिंग करत होते तोवर माझी मान ताठ होती. तिथल्या धुळीनं दमा दिला आणि दम्यानं नोकरी घालवली.

मग पेपरात ही जाहिरात दिसली. 'वसई पश्चिमेस वाडीतील घरी आधार हवा. राहणे-जेवणे घरातलेच. लहान मूल असलेल्या बाईस प्राधान्य.' सगळीकडे मूल म्हटलं की लोक दार लोटून घेतात, आणि इथे चक्क प्राधान्य. मला स्वतःसाठी आता काही नको. आर्या कुणाच्या घरात उपरी म्हणून वाढू नये, एवढंच हवंय.

म्हातारा-म्हातारी गोड आहेत. रामचंद्र अप्पा उंच, सरळ, फक्त हात थरथरतात. सुमनकाकूंचे गुडघे गेलेत, भिंत धरून चालतात. मूलबाळ नाही. कौलारू घर, पुढे ओटा, मागे विहीर, केळी, चिकू, सोनचाफा. पोचल्या पोचल्या काकूंनी आर्याला पानावर बसवून शिरा वाढला आणि ती जेवत असताना तिच्याकडे बघत राहिल्या. मला वाढायला विसरल्या. मी माझं वाढून घेतलं. पोरीला जीव लावतायत तर मी कशाला रुसू.

५ नोव्हेंबर, बुधवार

आज सगळी वाडी पाहिली. विहिरीच्या पलीकडे, जिथे पूर्वी यांचा पानमळा होता, तिथे एक वेल आहे. वेल म्हणायला जीभ अडखळते. तिचं खोड माझ्या मांडीएवढं जाड, लाकडाचं, सालीला पीळ पडलेला. एका जुन्या बुंध्याला विळखे घालून ती वर मांडवावर गेलीय आणि मांडवावर जागा संपल्यावर खाली लोंबतेय. टोकाचे कोंब बारीक, पुढे वळलेले. इथे तिला बोटवेल म्हणतात. मला वाटलं कोंबांवरून, ते बोटांसारखेच आहेत. अप्पा हसले. म्हणाले, बोटीवरून आली म्हणून बोटवेल. त्यांच्या आजोबांचे एक मित्र बोटीवर खानसामा होते. त्यांनी कुठल्याशा बारमाही पावसाच्या जंगलातून हिची फांदी बटाट्यात खोचून आणली.

अप्पा वेलीबद्दल बोलायला लागले की थांबत नाहीत. पानमळ्यातली वेल आणि ही वेल, दोघींची रीत एकच म्हणाले. एक, आधार जिवंत लागतो, मेलेल्या काठीवर वेल चढत नाही, चढली तर टिकत नाही. दुसरं, आधार कोवळा असतानाच लावायचा, म्हणजे दोघं बरोबर वाढतात. तिसरं, वेल आधाराच्या वर गेली की उतरवायची. कोंब खाली आणून, गोल गुंडाळून, बुडाशी मातीत पुरायचा, म्हणजे तिथून नवी मुळं फुटून वेल परत जोमानं वर जाते. याला उतरण म्हणतात. होळीच्या आसपास करतात. मी म्हटलं, बरंय की, म्हातारपणी माणसांनाही असं उतरवता आलं असतं तर. अप्पा माझ्याकडे बघत राहिले. विनोद जरा जास्तच झाला बहुतेक.

गोठ्याच्या खोलीत एक बाई राहते, आशालता. पलीकडच्या मिठागराच्या गावातली, लांबच्या नात्यातली, डोक्यानं जरा अशी, असं काकू म्हणाल्या. ती दिवसभर विहिरीतून बादल्या काढते आणि मांडवाच्या मागच्या उघड्या कोपऱ्यात ओतते. तिथे काहीही लावलेलं नाही. माझ्याशी एक अक्षर बोलली नाही. आर्याला बघून मात्र आत गेली आणि दार लावून घेतलं.

१२ नोव्हेंबर, बुधवार

काल आर्याचं नाव इथल्या शाळेत घातलं, पहिलीत. आज तुळशीचं लग्न. ऊस, चिंचा, बोरं, सगळं साग्रसंगीत. आळीतली माणसं जमली होती. इथल्या घरांचा आपसात लळा चांगला आहे.

तुळशीचं झाल्यावर सगळे मागे वेलीकडे गेले. ही यांची वेगळी रीत. आर्याला वेलीपाशी उभं केलं, काकूंनी तिच्या पावलांना हळद लावली. अप्पांनी केळीच्या सोपटाची दोरी घेतली, आम्ही गजरा बांधायला वापरतो तीच, आणि एक ताजा कोंब तिच्या मनगटाशी धरला. मग मला विचारलं, बांधू ना? आईचा होकार लागतो. सगळी आळी माझ्याकडे बघत होती. मी म्हटलं, बांधा की, त्यात विचारायचं काय. काकूंनी माझी ओटी भरली आणि त्यांचे डोळे भरून आले. हे गेल्यापासून कुणी माझी ओटी भरली नव्हती. खोटं कशाला सांगू, मीही रडले.

गाठ सैल होती. पण घरी येऊन सोडायला गेले तर सोपट सुटलं आणि कोंब सुटला नाही. आर्याच्या मनगटाला गोल बसलाय, बांगडीसारखा. मांडवाकडचं टोक आपोआप तुटलं. आर्याला भारी आवडलंय, काढू देत नाही.

३० नोव्हेंबर, रविवार

मी बरी आहे. हे लिहायलाच आज वही काढली. माळ्याचा जिना चढताना धाप नाही, रात्री उशा रचून बसावं लागत नाही. काकू रोज सकाळी एक काढा देतात, बोटवेलीच्या फुलाचा. वेलीला फुलं लागलीत. तळहाताएवढी, दुधी, जाड पाकळ्यांची, आत जांभळ्या शिरा. काढ्याला एक ओळखीचा वास येतो, पण कशाचा ते आठवत नाही. अप्पा म्हणाले, बरीच वर्षं धड बहर नव्हता, तुम्ही आलात आणि फुलली. मी म्हटलं, माझा पायगुण. कामणच्या डॉक्टरनं माझ्या छातीपुढे हात टेकले होते, त्याला आणून दाखवायला हवं.

आर्या शाळेतून आली की वेलीपाशी जाते. खेळत नाही, नुसती उभी राहते. आचोळ्याला एका जागी बस म्हटलं तर जिचा जीव जायचा ती पोरगी. चेहरा वर उन्हाकडे, डोळे मिटलेले. हाक मारली की येते, पण उशिरानं. दिवाळीचा फ्रॉक गुडघ्याच्या वर गेलाय. वाडीची हवा, दुसरं काय.

१४ डिसेंबर, रविवार

आर्याच्या टाचांना भेगा पडल्यात. थंडी आहे म्हणून दुपारी कोकमतेल गरम करून चोळायला बसले. भेगेत पांढरा दोरा दिसला. मोज्याचा असेल म्हणून चिमटीत धरून ओढला. येत राहिला. माझ्या वितीएवढा आला आणि मग पुढे ताण लागला. आर्या गुदगुल्या झाल्यासारखी हसत होती. मी अजून जरा ओढलं आणि मागे मांडवावरून काहीतरी पडल्याचा आवाज आला. जाऊन बघते तर एक फूल गळून पडलेलं.

दोरा मी कातरीनं कापला. टोकाला पाणी आलं. काकूंना सांगितलं तर त्यांनी माझ्या हातून कातर काढून घेतली, हळूच, आणि म्हणाल्या, कापू नये गं, आपोआप जमिनीत जातं. मी विचारलं, काय जातं? त्या म्हणाल्या, भेग. त्यांनी पाय दुमडून, खाली बसून तेलाचं भांडं उचललं. त्यांना खाली बसता येत नाही.

२६ डिसेंबर, शुक्रवार

काल नाताळ. शेजारची आल्बिना केक आणि नेवऱ्या घेऊन आली. मागोमाग आळीतली निम्मी घरं आली, कुणी आर्याला फ्रॉक, कुणी चपला, कुणी नवं दप्तर आणि पाटी. इतकं प्रेम आम्हाला सख्ख्यांनी दिलं नाही. अप्पांनी प्रत्येकाला कागदात बांधून एकेक फूल दिलं. आल्बिनाच्या नवऱ्याला लकवा होता, बर्नार्डला. परवा तो सायकलवरून चर्चला गेला.

आल्बिना आर्याच्या पायांपाशी वाकली, टाच चाचपून बघितली आणि म्हणाली, मोठी हो बाय, लई मोठी हो. मग काकूंना म्हणाली, चांगला आधार मिलाला या वेळी. मी मनात म्हटलं, बाई, माझी ओळख करून देतायत आणि बघतायत पोरीकडे. मी हसून पुढे झाले. दोघींनी माझ्याकडे बघून नेवऱ्यांचं ताट पुढे केलं. नंतर काकू आर्याच्या डोक्यावरून हात फिरवत म्हणाल्या, हा काय आमचा आधार. त्या आर्याबद्दल बोलत होत्या. तेव्हापासून मला काही सुचत नाही. शब्द तोच आहे, जाहिरातीत मी तोच वाचला होता.

११ जानेवारी १९९८, रविवार

आर्या जेवत नाही. पाणी पिते, तांब्यावर तांबे. बोलणं कमी झालंय. बाईंनी शाळेतून निरोप धाडला की ती बाकावर बसत नाही, दिवसभर खिडकीपाशी वाडीकडे तोंड करून उभी असते. कोंब मनगटावरून दंडापर्यंत गेलाय, कातडीच्या आत की बाहेर हे बोट फिरवून कळत नाही. आज वेणी घालताना केसांत हिरवं टोक लागलं. विंचरून निघेना. मी ओढलं नाही.

अप्पा सकाळी ओट्यावर बसून सुईत दोरा ओवत होते. हात दगडासारखे स्थिर. मला म्हणाले, तुमची पोर म्हणजे लक्ष्मी आहे. संक्रांतीला दादाकडे जाते म्हणून सांगून निघायचं आणि परत यायचं नाही. मशीन राहिलं तर राहिलं.

१४ जानेवारी, बुधवार

निघालो. काकूंनी अडवलं नाही. उलट तिळगूळ बांधून दिला आणि म्हणाल्या, लवकर ये हो, पोर कोमेजेल. अप्पांनी पाण्याची कळशी रिक्षात ठेवली. आशालता विहिरीपाशी बादली धरून उभी होती आणि नाही म्हणून मान हलवत होती. मला वाटलं, जाऊ नको म्हणतेय. मी तिच्याकडे पाठ केली.

१६ जानेवारी, शुक्रवार

आचोळ्याला पोचेपर्यंत आर्याचे ओठ फाटले. कळशी संपली. रात्रीतून तिचं अंग खरखरीत झालं, पिंढऱ्या लाकडासारख्या कडक, कातडीचे पापुद्रे गादीवर. डॉक्टरनं सलाईन लावलं, ते शिरेत जाईना. म्हणाला, मुंबईला न्या. आर्या एकच म्हणत होती, आई, मला उभं कर, मला मातीत उभं कर. वहिनीच्या गॅलरीतल्या तुळशीच्या कुंडीत तिनं दोन्ही पाय घालायचा प्रयत्न केला. कुंडी फुटली. वहिनी किंचाळली आणि मी तिला एक मुस्काटात दिली.

मुंबईची गाडी ठरवली होती. स्टेशनाजवळ आर्याचा श्वास थांबला. मी ड्रायव्हरला वळायला सांगितलं. वाडीत, मांडवाखाली, तिचे पाय मातीला लागले आणि तिनं श्वास घेतला. मग मान वर करून हसली. मी तिथेच बसून अप्पांच्या पायांवर डोकं ठेवलं. कशासाठी ठेवलं ते मला माहीत नाही.

१७ जानेवारी, शनिवार

अप्पांनी चहा दिला आणि सगळं सांगितलं. आवाज चढला नाही, शरम नाही. हिला पांगारा लावला, मेला. शेवगा लावला, मेला. मग त्यांची धाकटी बहीण लहानपणी हिच्याखाली खेळायला लागली आणि वेल तिच्यावर गेली, फुलली. फुलानं आळी बरी झाली. तेव्हापासून ही रीत. मी तुम्हाला फसवलं नाही, म्हणाले. मी आधारच मागितला होता, आणि बांधताना तुम्हाला विचारलं होतं. खरं आहे. विचारलं होतं.

मी म्हटलं, मला बांधा, तिला सोडा. ते खरोखर विचारात पडले. मग म्हणाले, जून आधार धरत नाही हो, नाहीतर मीच उभा राहिलो असतो.

काकू काढा घेऊन आल्या. पेला तोंडाशी नेला आणि वास ओळखला. आर्या तान्ही असताना तिची टाळू भरायचे, तेव्हा तिच्या डोक्याला यायचा तो वास. दोन महिने मी रोज सकाळी हे पीत होते. माझी छाती मोकळी आहे. माझी छाती इतकी मोकळी कधीच नव्हती.

२५ जानेवारी, रविवार

नाक्यावरून फोन करून दादाला बोलावलं होतं. आला. आर्याची पावलं मातीत गेलेली बघितली, तिच्या डोक्यावरून हात फिरवला. ती म्हणाली, मामा, मी उंच झाले. तो अप्पांशी ओट्यावर बराच वेळ बोलत बसला. निघताना त्याच्या शर्टाच्या खिशात कागदाची पुडी होती. वहिनीला इतकी वर्षं मूल नाही. माझ्याकडे न बघता म्हणाला, विनू, थोडे दिवस थांबू या ना. माझा सख्खा भाऊ.

२ फेब्रुवारी, सोमवार

म्हातारा-म्हातारी दुपारी लग्नाला गेले. कोयता घेतला. वेलीच्या बुडाशी, आर्यापासून लांब, घाव घातला. साल चिवट. दुसऱ्या घावाला आत गेला, पांढरा चीक उडाला. आर्या ओरडली नाही. तिनं फक्त आपल्या पोटाकडे बघितलं. फ्रॉकवर आडवा लाल डाग पसरत होता.

आशालता धावत आली. शेण, माती, तिचं जुनं लुगडं फाडून. आम्ही दोघींनी मिळून वेलीची जखम बांधली, कलम बांधतात तशी. फ्रॉकवरचा डाग वाढायचा थांबला. मग ती बोलली, पहिल्यांदा. म्हणाली, कापू नको गो बाय. त्याच्यात माजा नीलेश पन हाय.

तो उघडा कोपरा. ती तिथे पाणी घालते.

३ फेब्रुवारी

आशालतेला विचारलं, त्या दिवशी मान का हलवलीस, जाऊ नको म्हणून? ती म्हणाली, पोरीला नेऊ नको म्हनून. मीबी नेला व्हता माज्याला. आणि विचारलं, बाई कशाला हवी असते यांना, पोर नुसतं पळवून आणलं तर? ती म्हणाली, आनलेलं एकदा, बिनआईचं. पानी कमी पडलं. इकतचं मानूस दुपारी झोपतं. आई झोपत नाय.

मी काल रात्री झोपले नाही. विहीर, बादली, वेल. आणि तेवढ्यासाठीच मला बोलावलं होतं हे आता कळतंय. मी किती चांगली आई आहे ते त्यांना माझ्याआधी कळलं.

१९ फेब्रुवारी

विहिरीचं पाणी मचूळ व्हायला लागलंय, टँकरवाले उपसतायत. मचूळ पाण्यानं आर्याला उलट्या होतात. बर्नार्डच्या विहिरीचं गोड आहे. तिथून आणते, डोक्यावर. आल्बिना दोर धरून ओढू लागते. मी तिचे आभार मानले. जीभ झडली नाही माझी.

१ मार्च, रविवार

वेल आर्याच्या डोक्यावरून गेली. मांडवाला लागली. दोन दिवस आर्याला मान खाली करता येत नाही, वरून ताण आहे. रडते. अप्पा म्हणाले, उतरवायला हवी, नाहीतर वेल स्वतःच्या वजनानं आधार मोडते. मी विचारलं, कधी? मी विचारलं. मीच—

६ मार्च

उतरणीची माहिती घेतली आशालतेकडून. पहिल्या वर्षी गुडघ्यापर्यंत. दर साल थोडं वर. नीलेशचा चेहरा बरीच वर्षं उघडा होता, बोलायचा. आता पाणी घातलं की माती जराशी हलते, म्हणाली. मला दाखवलं. मला काही हललेलं दिसलं नाही. मी म्हटलं, हो, हलली.

गुडघ्यापर्यंतच. हात मोकळे राहतील. चित्रं काढेल, बाहुल्या खेळेल. कंबर राहील. मी रोज वेणी घालीन, हिरवं टोक सांभाळून. वर्षभरात काहीतरी— कुणीतरी— कुठलातरी डॉक्टर—

९ मार्च

माती चाळतेय. काकूंची पिठाची चाळण घेतली. खडे, शिंपल्या, काचा, सगळं बाजूला. तिच्या पायांना काही टोचायला नको. काकू म्हणाल्या, इतकी माया आशालतेनंही केली नव्हती. मला बरं वाटलं. देवा, मला बरं वाटलं.

११ मार्च, बुधवार

उद्या होळी. आज उतरण. आळी जमलीय, मागे चहा चाललाय. नवे कपडे. दादा-वहिनीही आलेत, वहिनीनं पोटावर पदर ओढून घेतलाय.

पहाटे आर्याला न्हाऊ घातलं, उभ्या-उभ्याच. तिनं विचारलं, दुखेल का. म्हटलं, नाही. विचारलं, जूनमध्ये शाळेला पाय काढता येतील ना. म्हटलं, हो. तिनं मला कधीच खोटं बोलताना पकडलेलं नाही, म्हणून तिनं लगेच ऐकलं.

कोंब खाली आणलाय. तिच्या पायांभोवती गुंडाळतायत अप्पा, अलगद, हात अजिबात थरथरत नाहीत. ती हसतेय, गुदगुल्या— मी इथे पायरीवर बसून लिहितेय, कारण हात रिकामे राहिले तर—

अप्पांनी हाक मारली. म्हणाले, या, पहिली पाटी आईच्या हातची लागते. टोपलीत माती भरून ठेवलीय, मीच चाळलेली, पिठासारखी.

आर्यानंही ऐकलं. तिला वाटलं शाळेची पाटी. म्हणतेय, मामा, माझ्या दप्तरातून पाटी दे. काढली त्यानं. पेन्सिलही. दोन्ही हातांनी धरून उभी आहे माझ्याकडे बघत. म्हणतेय, आई ये ना, पहिलं अक्षर तू काढ, मी गिरव—